धोका उंबरठ्यावर असतो

समजा, एका कल्पित राज्याच्या सीमेवर एक शापित माळ आहे. बाहेरून फेरी मारली तर घेर जेमतेम ६०० मीटर भरतो. पण नाकासमोर चालत आरपार जायचं म्हटलं तर सकाळी आत शिरलेला माणूस संध्याकाळी पलीकडे निघतो, आणि तेही निघाला तर! कल्पनारम्य कथांमध्ये अशा जागा पैशाला पासरी. त्यांचं भय बहुतेक वेळा मधोमध ठेवलेलं असतं: काळोख, गर्जना, एखादा राक्षस. भौतिकशास्त्राला विचाराल तर ते कडेकडे बोट दाखवेल.

बाहेरून लहान आणि आतून मोठी जागा मुळातच अशक्य आहे असं नाही. घेरावरून त्रिज्या काढायचं शाळेतलं सूत्र फक्त सपाट अवकाशात चालतं. आइन्स्टाइनच्या १९१५च्या व्यापक सापेक्षता सिद्धांतानुसार वस्तुमानामुळे अवकाश वाकतं, आणि मग आतलं अंतर सूत्राने येतं त्याहून जास्त भरतं. पृथ्वीची घनता सगळीकडे सारखी धरली, तर तिच्या त्रिज्येत हा फरक सुमारे दीड मिलिमीटर येतो. तसाच हिशेब सूर्यासाठी केला तर जवळपास अर्धा किलोमीटर. म्हणजे पृथ्वीसुद्धा बाहेरून दिसते त्यापेक्षा आतून किंचित मोठीच आहे.

दीड मिलिमीटरवरून दिवसभराच्या चालीपर्यंत जायचं तर मात्र पंचाईत होते. ६०० मीटर घेराच्या जागेत अवकाश इतकं वाकवायला दहा हजार पृथ्व्यांच्या आसपास वस्तुमान कोंबावं लागेल, आणि तेवढ्यात ती जागा कृष्णविवर होण्याच्या बेतात येते. शेजारच्या राज्याचं काय होईल ते सांगायला नकोच. ते सावरायचं काम लेखकाने जादूवर सोपवलं तर माझी हरकत नाही. पण कडेला उभ्या असलेल्या माणसाला जादूनेही सहज वाचवता येणार नाही. चंद्र पृथ्वीची जवळची बाजू जास्त ओढतो, लांबची कमी, आणि या फरकामुळेच समुद्राला भरती येते. आपल्या माळाच्या कडेवर तोच फरक माणसाच्या डोक्यात आणि पायांत पडेल, आणि तो पृथ्वीच्या गुरुत्वाच्या एक लाख कोटी पटींहून अधिक असेल. माणूस ताणून तुटेल, हाडांसकट.

गंमत अशी, की विवर जितकं प्रचंड, तितकी त्याची कड सौम्य. आपल्या आकाशगंगेच्या केंद्रातल्या कृष्णविवराचं वस्तुमान सुमारे चाळीस लाख सूर्यांइतकं आहे. त्याच्या सीमेवर डोक्या-पायांतला हा फरक पृथ्वीच्या गुरुत्वाच्या दहा हजाराव्या हिश्श्याइतका, म्हणजे जाणवणारही नाही. परत येता येणार नाही, हा भाग वेगळा. तेव्हा छोटं विवर निरुपद्रवी आणि मोठं जीवघेणं, हे कथांमधलं चित्र नेमकं उलटं आहे.

दोन ठिकाणं जोडणाऱ्या जादुई दारांची गोष्ट आणखी रंजक. आइन्स्टाइन आणि रोझेन यांनी १९३५ मध्ये असा पूल समीकरणांतून मांडला; पण तो इतक्या झटकन मिटतो की प्रकाशालाही पार होता येत नाही, हे फुलर आणि व्हीलर यांनी १९६२ मध्ये दाखवलं. तो उघडा धरायला ऋण, म्हणजे शून्याहून कमी ऊर्जेचं द्रव्य लागतं, आणि मीटरभर रुंदीच्या तोंडासाठी त्याचं प्रमाण गुरू ग्रहाच्या वस्तुमानाच्या तोडीचं. मॉरिस आणि थॉर्न यांनी १९८८ मध्ये प्रवाशाला सोसेल असं कृमिविवर, म्हणजे असाच पूल, कागदावर रचलं, तेव्हा ओढीतला फरक पृथ्वीच्या गुरुत्वाहून जास्त नसावा अशी अट त्यांनी आधीच घालून घेतली होती. पुढच्याच वर्षी मॅट व्हिसर यांनी ते विचित्र द्रव्य फक्त कडांमध्ये बसवलं. मधल्या सपाट भागातून जाणाऱ्याला काहीच जाणवत नाही. सगळा धोका चौकटीत. अशा दारातून जाताना चौकटीला हात टेकवू नये, एवढंच.

एक अडचण मात्र या कथांमध्ये क्वचितच दिसते. दाराचं एक तोंड समुद्रकाठी आणि दुसरं साडेपाच हजार मीटर उंच शिखरावर असेल तर? तिथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जवळपास निम्मा असतो. दार खरोखरच सपाट आणि फुकटचं असेल, तर दर चौरस मीटरला पाच टनांचा रेटा बसून हवा शिखराकडे उसळेल; दार उघडणारा तिच्याबरोबर भिरकावला जाईल. शिवाय शिखरावरून पाणी खाली सोडायचं, दारातून पुन्हा वर घ्यायचं, असं करत चक्की अखंड फिरवता येईल. ऊर्जा अशी फुकट मिळत नाही. म्हणून नियम पाळणाऱ्या दारात वारा सुटणार नाही, पण साडेपाच किलोमीटरची सगळी चढण त्या बोगद्यातच चढावी लागेल. बोगदा मीटरभर लांब असेल, तर तिथली ओढ पृथ्वीच्या ५५०० पट. सत्तर किलोच्या माणसाला त्या एका मीटरात ३८५ टनांचं शरीर वर ओढत न्यावं लागेल.