पर्यटन-आघात मूल्यमापन

पदभ्रमण, गिर्यारोहण, रानातील मुक्काम, सायकलस्वारी, नौकाविहार इत्यादींमुळे नैसर्गिक क्षेत्रातील माती, वनस्पती, पाणी व वन्यजीव यांत होणारे बदल मोजणे आणि त्यांपैकी कोणते कितपत चालवून घ्यावेत हे ठरवणे, यास पर्यटन-आघात मूल्यमापन म्हणतात.

या अभ्यासाचा आरंभ कोठून धरावा, हे व्याख्येवर अवलंबून आहे. अमेरिकेतील वनस्पतिरोगतज्ज्ञ ई. पी. माइनेके यांनी १९२८ मध्ये कॅलिफोर्नियातील रेडवुड उद्यानांविषयीच्या अहवालात, पर्यटकांच्या वर्दळीने माती दाबली जाऊन त्या महाकाय वृक्षांच्या उथळ मुळांना अपाय होतो, याकडे लक्ष वेधले. ब्रिटनमध्ये जी. एच. बेट्स यांनी १९३५ मध्ये पायवाटा व गाडीवाटा यांवरील वनस्पतींचा अभ्यास प्रसिद्ध केला. बेट्स यांचा विषय तुडवली जाणारी वाट हा होता, पर्यटक नव्हे. म्हणून अग्रमान माइनेके यांना देणे अधिक सयुक्तिक वाटते. सलग संशोधन मात्र साधारणतः १९६० नंतरचेच आहे.

कुरणात किती जनावरे चरू द्यावीत, या हिशेबातील धारणक्षमतेची कल्पना जे. ॲलन वॅगर यांनी १९६४ मध्ये रानातील करमणुकीच्या संदर्भात विस्ताराने तपासली. पर्यटकांची एक कमाल संख्या त्यातून काढता येईल, ही अपेक्षा पुढे टिकली नाही. कारण वर्दळ आणि हानी सहसा समप्रमाणात वाढत नाहीत. कोवळ्या, रुंद पानांच्या वनस्पती सुरुवातीच्या थोड्या ये-जा करण्यानेच मोडतात, आणि वाट उघडी पडल्यावर पुढच्या पावलांनी होणारी भर त्या मानाने कमी असते. डेव्हिड कोल व नील बेफील्ड यांनी १९९३ मध्ये मांडलेल्या प्रमाणित पद्धतीत अर्धा मीटर रुंद व दीड मीटर लांब पट्ट्यांवरून २५, ७५, २०० व ५०० वेळा चालतात; एक पट्टा न तुडवता तुलनेसाठी राखतात. उरलेले हिरवे आच्छादन दोन आठवड्यांनी व पुन्हा वर्षभराने पाहतात. वर्षभरानंतरची नोंद विशेष महत्त्वाची, कारण चिवट दिसणारी वनस्पती एकदा मोडली की सावकाश भरून येते, असेही आढळते.

अमेरिकेच्या वनसेवेने १९८५ मध्ये मांडलेल्या ‘स्वीकार्य बदलाच्या मर्यादा’ या चौकटीत किती माणसे यावीत याऐवजी किती बदल चालेल, असा प्रश्न विचारला जातो. उघडी माती, वाटेची खोली, मुक्कामाच्या जागांची संख्या यांसारखे निर्देशक ठरवून मर्यादा ओलांडल्यास उपाय योजतात. ती मर्यादा अखेर मूल्यनिर्णयच असते, मोजमापातून आपोआप निघत नाही.

वन्यजीवांबाबत माणूस किती जवळ आल्यावर प्राणी पळतो, ते अंतर मोजतात. न पळणारा प्राणी निर्धास्त असेलच असे नाही. पिले किंवा चारा सोडवत नसल्यानेही तो जागचा हलत नाही.