शुष्क विपश्यनेचा वाद: पार्श्वभूमी

शरीराचा आकार हरवणे, जाणिवा कणाकणाने फुटत जाणे, जाणणाराही त्यांच्यासोबत विरत जाणे: विपश्यनेच्या परंपरेत याला भंगज्ञान म्हणतात. नोकरी-संसार सांभाळणारा माणूस काही आठवड्यांत तिथवर पोहोचू शकतो, हा विश्वास मात्र जुना नाही. आधी समाधी न साधता थेट निरीक्षणातून, म्हणजे ‘शुष्क’ विपश्यनेने, ते जमते का, हा इथला वाद. एकोणिसाव्या शतकापर्यंत थेरवादी, म्हणजे पाली ग्रंथांची बौद्ध परंपरा मानणाऱ्या देशांत ध्यान ही मूठभर भिक्षूंची बाब होती.

बदल ब्रह्मदेशातून आला. १८८५ साली मंडाले पडले, राजाची रवानगी पुढे रत्नागिरीला झाली आणि भिक्षुसंघाचा राजाश्रय संपला. आता धम्म टिकवायचा तर उपासकांनीच, अशी भावना पसरली. आधी अभिधम्माचे (बौद्ध तत्त्वविवेचनाचे) वर्ग आणि पुस्तिका आल्या, १९११च्या सुमारास गृहस्थांसाठी ध्यानकेंद्र निघाले. १९४९ साली रंगूनमध्ये नोंद-पद्धतीचे (प्रत्येक अनुभवाची मनात नोंद घेण्याचे) मोठे केंद्र सुरू झाले. स्वतंत्र ब्रह्मदेशाचे सरकार पाठीशी होते, शिवाय १९५४ ते १९५६ या काळात तिथेच सहावी संगायना, म्हणजे बौद्ध ग्रंथांच्या पठणाची परिषद, भरली. त्यामुळे ही पद्धत झपाट्याने देशाबाहेर गेली.

१९५५ साली ती श्रीलंकेत पोहोचली आणि वाद पेटला. साधकाला सांगितले जाई: बसल्यावर पोटाच्या हालचालीवर लक्ष ठेव, ‘फुगतंय’, ‘ओसरतंय’ अशी मनात नोंद घे; विचार, दुखणे, आवाज आला तर त्याची नोंद घेऊन परत पोटावर ये. एक तास बैठक, एक तास चालणे. चालताना सुरुवातीला नुसते ‘डावा’, ‘उजवा’; मग पाऊल उचलणे, पुढे नेणे, टेकवणे. जेवण दुपारच्या आत, झोप चार-पाच तास.

आक्षेप दोन होते. पहिला असा, की सुत्तांत (बुद्धाच्या प्रवचनांत) श्वास सांगितला आहे, पोट कुठून आले? हा आक्षेप वरवरचाच म्हणायला हवा. पोटाची हालचाल श्वास म्हणून नव्हे, तर वायुधातू, म्हणजे शरीरातला हालचालीचा घटक, म्हणून पाहायची होती, आणि धातूंचे निरीक्षण सतिपट्ठान सुत्तातच आहे. दुसरा आक्षेप खोल होता. समाधी साधलेल्यालाच यथाभूत (आहे तसे) दिसते, असे बुद्धवचन आहे. मग खोल एकाग्रतेची ध्यानावस्था गाठल्याशिवाय थेट विपश्यनेत उतरण्याची मुभा दिली कुणी?

रंगूनच्या बाजूने उत्तर आले ते पाचव्या शतकातील विसुद्धिमग्ग या साधनाग्रंथाच्या आधारे. त्याच्या अठराव्या प्रकरणात समथाच्या (आधी चित्त एकाग्र, शांत करण्याच्या) वाटेने येणारा आणि शुद्ध विपश्यनेच्या वाटेने येणारा असे दोन साधक मानले आहेत. दुसऱ्याने चार धातूंपासून आरंभ करावा असेही म्हटले आहे. म्हणजे मुभा नवी नव्हती. प्रश्न उरतो तो चित्तशुद्धीचा, कारण त्याच ग्रंथातल्या सात विशुद्धींत (शुद्धीच्या पायऱ्यांत) ती दुसरी आहे आणि ती ओलांडता येत नाही. यावर नोंद-पद्धतीचे म्हणणे असे, की दर क्षणी बदलत्या विषयावर जडणारी क्षणिक समाधी पुरेशी बळकट झाली, की नीवरणे (मनाचे अडथळे) दबतात आणि उपचार समाधीचेच, म्हणजे ध्यानावस्थेच्या उंबरठ्यावरच्या एकाग्रतेचेच, काम होते. टीकाकारांना क्षणिक समाधीवर एवढा भार टाकणे मान्य नव्हते. नियतकालिकांतून हा वाद साठच्या दशकापर्यंत चालला.

ग्रंथाच्या बाजूने पाहता रंगूनची बाजू कच्ची नाही. व्यवहारात मात्र टीकाकारांच्या म्हणण्यात तथ्य होते. समथातून येणाऱ्याकडे प्रीती-सुखाचा, म्हणजे समाधीतून येणाऱ्या आनंदाचा, ओलावा असतो. तो नसलेल्याला परंपरेनेच ‘शुष्क’ म्हटले आहे. उदयव्ययाच्या (जाणिवा उठताना-मावळताना दिसण्याच्या) टप्प्यावर प्रकाश, उत्साह, हलकेपणा येतो आणि साधक त्यालाच फळ समजतो. पुढे भंगात पोट सापडेनासे होते. आपली साधना बिघडली असे वाटून तो आकार शोधत बसतो आणि तिथेच अडकतो. आकाराच्या मागे न लागता जे जाणवते त्याची आणि जाणण्याचीही नोंद घ्यायची असते. त्यानंतर भय, आदीनव (दोष दिसणे), निर्विदा (वीट येणे) आणि सुटण्याची तळमळ. या तळमळीला ब्रह्मी शिक्षक चटई गुंडाळण्याचा टप्पा म्हणतात, कारण लोक खरोखरच सामान बांधू लागतात. इथे भयाच्या कारणांत न शिरता ‘भय, भय’ एवढीच नोंद घ्यायची. वीर्य (प्रयत्न) आणि समाधी यांचा तोलही शिक्षकालाच राखावा लागतो: झापड येत असेल तर चालणे वाढवायचे, चित्त सैरभैर असेल तर बैठक वाढवून विषय कमी करायचे. रोजची मुलाखत होती ती यासाठी. टप्प्यांची माहिती साधकाला शिबिर संपतानाच दिली जाई, आधी नाही. नाहीतर ऐकलेले अनुभवच दिसू लागतात. १९६५ साली या टप्प्यांचे विवरण इंग्रजीत छापून आले आणि ही दक्षता निम्मी निरुपयोगी झाली.

भारतात १९६९ साली आलेली शाखा वेगळी आहे, हे अनेकदा विसरले जाते. तिथे नोंद नाही, पोट नाही. पहिले तीन दिवस नाकाशी आनापान (श्वासावर लक्ष), चौथ्या दिवसापासून डोक्यापासून पायापर्यंत संवेदना पाहणे. समथ वगळला नाही, तीन दिवसांत बसवला. तीन दिवसांत उपचार समाधी क्वचितच लागते, तेव्हा मूळ प्रश्न तसाच राहतो. मात्र चूक वेगळी होते. सर्वांगी सूक्ष्म प्रवाह एकदा लाभला, की पुढच्या प्रत्येक बैठकीत साधक त्याचीच वाट पाहतो आणि जडपणा आला की खट्टू होतो. म्हणजे ‘मी’ विरण्याच्या अनुभवाचीच तृष्णा.

२०१७ साली प्रसिद्ध झालेल्या एका मुलाखतींवर आधारित अभ्यासात साधकांच्या अवघड अनुभवांचे ५९ प्रकार नोंदले गेले. भय आणि ‘स्व’च्या सीमा पुसट होणे हे त्यांत आहेतच. टीकाकारांनी लगेच शुष्क मार्गाकडे बोट दाखवले. पण त्या अभ्यासात तिबेटी आणि झेन साधकही होते, त्यामुळे नुसत्या समथाच्या अभावावर खापर फोडता येत नाही. मोबाइल अ‍ॅपवर नोंद घ्यायला शिकणाऱ्याची रोज मुलाखत घेणारा शिक्षक मात्र कुणी नसतो.