ओम तेलोलेट ओम

ओम तेलोलेट ओम म्हणजे इंडोनेशियात हायवेच्या कडेला उभं राहून बसच्या ड्रायव्हरला हॉर्न वाजवायला लावायचा आणि ते सगळं मोबाईलवर शूट करून टाकायचा पोरांचा नाद. ओम म्हणजे काका, तेलोलेट हा त्या हॉर्नचा आवाज, थोडक्यात "काका, वाजवा ना!" पोरं पुठ्ठ्यावर हेच लिहून उभी राहतात, लांबून बस दिसली की कोरसमध्ये ओरडतात, ड्रायव्हर मूडमध्ये असला तर वाजवतो आणि मग नुसता धिंगाणा. खरं सांगायचं तर व्हिडिओत हॉर्नपेक्षा पोरांचे चेहरेच जास्त भारी असतात.

हे प्रकरण मुख्यतः मध्य जावाच्या जेपारा भागातलं. तिकडे बसचं वेड आधीपासूनच, बसमॅनिया म्हणवणारे ग्रुप आहेत, गाडीची बॉडी आदी पुत्रोची की लाक्सानाची (या तिथल्या बसची बॉडी बांधणाऱ्या कंपन्या), चॅसिस मर्सिडीजची की स्कॅनियाची, यावर तासन् तास वाद घालतील. हॉर्नसुद्धा साधा भोंपू नाही, तीन किंवा जास्त भोंगे असतात, त्यात कॉम्प्रेस्ड हवा आळीपाळीने सोडली की ते-लो-लेट असे सूर निघतात. पुढेपुढे तर कंट्रोल मॉड्यूल बसवून अख्ख्या गाण्यांच्या चाली वाजवायला लागले, त्याला बासुरी म्हणतात.

डिसेंबर २०१६ मध्ये हा हॅशटॅग ट्विटरवर जगभर ट्रेंड झाला. इंडोनेशियन लोकांनी परदेशी डीजेंच्या अकाउंटवर एवढा मारा केला की झेड, मार्शमेलो, डिलन फ्रान्सिस असे लोक स्वतःच हे टाकायला लागले, अर्थ कळला असेल नसेल देव जाणे, आणि हॉर्नच्या आवाजाचे रीमिक्सही आले. दुसऱ्याच वर्षी मालेओ कंपनीचा बस सिम्युलेटर इंडोनेशिया हा मोबाईल गेम आला, त्यात हा हॉर्न आहेच. गेममध्ये आपली गाडी टाकायची सोय असल्यामुळे तो भारतातही तुफान चालला, आपल्या एसटीचे मॉडसुद्धा लोकांनी बनवलेत.

पण धोका पहिल्यापासून होता. पोरं शूटिंगच्या नादात रस्त्यावर उतरतात, गाडीमागे पळतात. मार्च २०२४ मध्ये जावा बेटावरच्या मेराक बंदराजवळ असाच एक लहान मुलगा बसखाली येऊन गेला, त्यानंतर वाहतूक मंत्रालयाने बसकंपन्यांना हे हॉर्न लावू नका म्हणून बजावलं. त्यामागे टेक्निकल कारणही आहे आणि ते लोक फारसं लक्षात घेत नाहीत: हॉर्नला लागणारी हवा गाडीच्या एअर सिस्टीममधूनच घेतलेली असेल तर सारखं वाजवून प्रेशर उतरतं, आणि ब्रेकही त्याच हवेवर चालतात. शिवाय हॉर्नचा आवाज ८३ ते ११८ डेसिबलमध्येच हवा असा तिथला २०१२ चा नियम आहे.