संयुक्त असमता: ‘आणि’ व ‘किंवा’ यांची पार्श्वभूमी
वर्तुळाचा परीघ व्यासाच्या ३ पूर्णांक १०/७१ पटीहून मोठा आणि ३ पूर्णांक १/७ पटीहून लहान असतो, हे इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात ग्रीक गणितात सिद्ध झाले होते. एकाच राशीला दोन्ही बाजूंनी मर्यादा घालणारी दुहेरी असमता (असमता म्हणजे लहान-मोठेपणा सांगणारे विधान) अशी चिन्हांहून कितीतरी जुनी आहे. < आणि > ही चिन्हे १६३१ साली लंडनमध्ये छापलेल्या एका बीजगणितात आली, तेव्हा त्याच्या कर्त्याला जाऊन दहा वर्षे झाली होती.

शाळेत मात्र संयुक्त असमता, म्हणजे ‘आणि’ने वा ‘किंवा’ने जोडलेल्या असमता, हा विषय खऱ्या अर्थाने स्थिरावला तो १९५७ च्या स्पुटनिक या सोव्हिएत उपग्रहानंतर अमेरिकेत जोर धरलेल्या ‘नव्या गणिता’च्या चळवळीत. १९६० च्या सुमारास तयार झालेल्या तिथल्या नववीच्या बीजगणितात समीकरण आणि असमता या दोहोंना चल असलेली ‘वाक्ये’ मानले गेले, उकलीला संच म्हटले गेले आणि तो संच संख्यारेषेवर काढून दाखवण्याचा आग्रह धरला गेला. ‘संयुक्त’ हे विशेषण तिथलेच असून ते अंकगणितातून नव्हे, वाक्यविचारातून आलेले आहे. मराठी व्याकरणात केवल, मिश्र आणि संयुक्त वाक्ये शिकलेल्या विद्यार्थ्याला ते खरे तर परके वाटू नये. पण भाषेच्या तासाला शिकलेली उभयान्वयी अव्यये, म्हणजे ‘आणि’, ‘किंवा’ यांसारखे जोडशब्द, गणिताच्या तासाला कोणी आठवून देत नाही.

घोळ नेमका या अव्ययांपाशी होतो. −३ < २क्ष + १ ≤ ७ या मांडणीत ‘आणि’ लिहिलेलाच नसतो. तिन्ही ठिकाणांतून १ वजा करून २ ने भागले की −२ < क्ष ≤ ३ मिळते. संख्यारेषेवर −२ पाशी पोकळ वर्तुळ, ३ पाशी भरीव ठिपका आणि मध्ये जाड रेघ येते. ही साखळी इतकी सोयीची आहे की ती दोन स्वतंत्र विधानांचा छेदसंच (दोन्हींच्या उकलींतला समाईक भाग) आहे हे विद्यार्थी विसरतो आणि ‘क्ष < −२ किंवा क्ष > ३’ हेदेखील −२ > क्ष > ३ असे एका ओळीत कोंबतो. त्या ओळीचा अर्थ −२ हे ३ पेक्षा मोठे, असा होतो. म्हणून आधी दोन विधाने ‘आणि’ने जोडून लिहायला लावावीत आणि साखळी नंतर द्यावी, असे एका पक्षाचे म्हणणे, तर वेळ वाचतो म्हणून पहिल्यापासून साखळीच द्यावी, असे दुसऱ्याचे. प्रस्तुत लेखकाला पहिला पक्ष अधिक पटतो. त्यातच ‘चहा किंवा कॉफी’मधला ‘किंवा’ दोहोंपैकी एकच देतो, गणितातला मात्र दोन्ही चालवून घेतो, त्यामुळे ‘क्ष < ५ किंवा क्ष > १’ याची उकल संपूर्ण संख्यारेषा आहे, हे वर्गात सहसा पटत नाही.

सत्तरच्या दशकात नव्या गणितावर टीका होऊन संचांचा भर ओसरला, तरी संख्यारेषेवरचे आलेख टिकले. भारतात २०२२ साली राष्ट्रीय पातळीवरच्या अकरावीच्या पुस्तकातून दोन चलांच्या असमतांचे आलेख वगळण्यात आले, पण बारावीचे रेषीय नियोजन (दिलेल्या मर्यादा पाळून एखाद्या राशीची कमाल वा किमान किंमत शोधणे) कायम राहिले. त्यात अनेक असमता एकाच वेळी पाळणारा भाग छायांकित करायचा असतो. म्हणजे अनेक ‘आणि’ एकदम सांभाळायचे असतात, आणि त्याची प्रतलावरची पूर्वतयारीच पुस्तकातून गेलेली आहे.