पडद्यावरची ख्रिस्तजन्मकथा : पार्श्वभूमी

खानदेशात नाताळ येतो तो कापसाच्या वेचणीच्या आणि सारंगखेड्याच्या दत्तयात्रेच्या दिवसांत. नवापूर-चिंचपाडा पट्ट्यातील ख्रिस्ती आदिवासींचे पाडे, भुसावळसारख्या रेल्वेच्या गावातील चर्चे आणि धुळे-जळगाव शहरांतील ख्रिस्ती मंडळ्या (उपासकांचे समुदाय) यांच्याकडे या दिवसांत गीते, नाटुकली व प्रार्थना यांच्या जोडीला ख्रिस्तजन्माची कथा सांगणारा एखादा चित्रपट दाखवणे आता नवलाचे राहिलेले नाही. मोबाईलवर मात्र ‘ख्रिसमसचे चित्रपट’ म्हणून जे समोर येते, त्यात सांताक्लॉज, बर्फ, भेटवस्तू आणि दुरावलेल्या कुटुंबाचे मीलन यांचीच गर्दी असते. सणाचा धार्मिक आशय मांडणारे चित्रपट संख्येने थोडे असले, तरी त्यांचा इतिहास जवळजवळ सिनेमाइतकाच जुना आहे.

या चित्रपटांना कथा मिळते ती बायबलातील चार शुभवर्तमानांपैकी, म्हणजे ख्रिस्तचरित्रांपैकी, दोहोंतूनच. मार्क व योहान यांनी जन्मकथा सांगितलेली नाही. मत्तयाने ख्रिस्ताची आई मरीया हिचा वाग्दत्त पती योसेफ याचे स्वप्न, पूर्वेकडील ज्ञानी लोक, तारा, हेरोद राजाने केलेली बालहत्या आणि मिसरात (इजिप्तमध्ये) पलायन हे प्रसंग दिले; लूकने मरीयेला आलेला देवदूताचा निरोप, शिरगणती, गव्हाणी आणि रानात राखण करणारे मेंढपाळ. ज्ञानी लोक तीनच होते असे मत्तय म्हणत नाही आणि मरीया गाढवावर बसून बेथलेहेमला गेली असेही लूक म्हणत नाही. पडद्यावर मात्र मेंढपाळ, ज्ञानी, बैल आणि गाढव असे सारे एकाच रात्री एकाच गोठ्यात जमतात. त्याचा दोष सिनेमाला देता येणार नाही. संत फ्रान्सिसने 1223 मध्ये इटलीतील ग्रेच्चो येथे जिवंत बैल व गाढव उभे करून गव्हाणीचा देखावा मांडला होता, आणि युरोपातील चित्रकारांनीही दोन्ही कथा कधीच एकत्र गुंफल्या होत्या. सिनेमाच्या हाती आयती चौकट आली.

चित्रपटकलेच्या पहिल्या दशकात ख्रिस्ताचे चरित्र हा हमखास चालणारा विषय होता, कारण मूकपटाला शब्द नव्हते आणि ही गोष्ट युरोपीय प्रेक्षकाला तोंडपाठ होती. 1898 मध्ये ल्युमिएर कंपनीने तेरा दृश्यांची जी मालिका काढली, तिची सुरुवात ज्ञानी लोकांच्या वंदनाने आणि मिसरातील पलायनाने होते. 1906 मध्ये अ‍ॅलिस गी या दिग्दर्शिकेने गोमाँ कंपनीसाठी पंचवीस दृश्यांचा चित्रपट केला. त्यातील झोपलेल्या बाळाभोवती देवदूत प्रकट होण्याचे दृश्य पाहिले की, अदृश्य गोष्ट दाखवण्याचे सिनेमाचे वेड किती जुने आहे हे कळते. 1912 मध्ये सिडनी ओल्कॉट यांनी कॅलेम कंपनीचा चमू थेट मिसर व पॅलेस्टाइनमध्ये नेला आणि पळून आलेले कुटुंब स्फिंक्सच्या सान्निध्यात उभे केले. त्या चित्रपटावरून इंग्लंडमध्ये वाद झाला, आणि तिथल्या नव्या परिनिरीक्षण मंडळाने ख्रिस्ताची प्रत्यक्ष मूर्ती पडद्यावर दाखवण्यास मनाई केली.

अशाच एका ख्रिस्तचरित्रपटातून भारतीय सिनेमाचा धागा निघतो, आणि तो खानदेशाच्या शेजारच्याच जिल्ह्यातला आहे. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांनी 1910-11 च्या सुमारास मुंबईत गिरगावातील अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्ताचे चरित्र पाहिले. पडद्यावर ख्रिस्त दिसत असताना आपल्या मनात कृष्ण आणि राम उभे राहत होते, असे त्यांनी पुढे 1917 मध्ये लिहिले. 1913 च्या ‘राजा हरिश्चंद्र’नंतर त्यांनी आपला कारखाना नाशिकला हलवला आणि 1918 मध्ये ‘श्रीकृष्ण जन्म’ काढला. त्याच्या शिल्लक राहिलेल्या भागात धास्तावलेल्या कंसाला जागोजागी कृष्ण दिसतात. आकाशवाणीला घाबरलेला कंस आणि भविष्यवाणीला घाबरलेला हेरोद यांची जात एकच. दोघेही लेकरांवर उठतात. भेद पुढे आहे. कृष्ण मोठा होऊन कंसाला मारतो, तर हेरोद आपल्या मरणाने मरतो आणि बाळ मिसरातून परतून एका सुताराच्या घरी वाढते. अवतारकथांवर वाढलेल्या आपल्याकडच्या प्रेक्षकाला देवाचा जन्म पटवून द्यावा लागत नाही. त्या देवाने दुष्टाचे निर्दालन का केले नाही, हे सांगावे लागते. नाताळचा धार्मिक आशय नेमका तिथे आहे, आणि बहुतेक भव्य चित्रपट तिथेच तोकडे पडले.

हॉलिवूडने जन्मकथेला मोठ्या कथेची प्रस्तावना केले. 1925 च्या मूक ‘बेन-हर’मध्ये जन्माचे दृश्य टेक्निकलर पद्धतीने रंगीत केले होते, विल्यम वायलर यांच्या 1959 च्या आवृत्तीचाही आरंभ बेथलेहेमपासून होतो, पण प्रेक्षकांच्या लक्षात राहिली ती रथांची शर्यत.

वेगळी वाट काढली ती इटालियन दिग्दर्शक पियेर पाओलो पासोलिनी यांनी. ते मार्क्सवादी आणि नास्तिक. 1962 मध्ये असिसीत मुक्कामाला असताना त्यांनी मत्तयाचे शुभवर्तमान वाचून काढले आणि 1964 मध्ये त्यावर कृष्णधवल चित्रपट केला, तो पोप तेविसावे जॉन यांच्या स्मृतीस अर्पण केला. चित्रण दक्षिण इटलीच्या गरीब प्रदेशात, मातेरासारख्या गावांत झाले आणि बहुतेक भूमिका कधीही अभिनय न केलेल्या लोकांनी केल्या. सुरुवातीला एका कोवळ्या मुलीचा चेहरा दिसतो, मग समोर उभ्या असलेल्या योसेफाचा. नंतर ती गर्भवती असल्याचे दिसते. दोघांत एकही शब्द होत नाही. योसेफ निघून जातो, वाटेत त्याचा डोळा लागतो, देवदूत बोलतो, तो परत येतो आणि मरीया हसते. ज्ञानी लोक बाळाला भेटायला येतात तेव्हा अमेरिकेतील गुलामीच्या काळातले एक आर्त गीत ऐकू येते. गावात बोभाटा होण्याच्या भीतीत असलेले हे जोडपे कुठल्याही खेड्यातले असू शकते, आणि म्हणूनच माझ्या मते जन्मकथेचे याहून खरे चित्रण सिनेमात क्वचितच सापडेल.

भारतात 1978 मध्ये ए. भीमसिंग यांच्या दिग्दर्शनाखाली ‘करुणामयुडु’ हा तेलुगू चित्रपट आला. विजयचंदर यांनी त्यात ख्रिस्ताची भूमिका केली, आणि हिंदीत तो ‘दयासागर’ म्हणून पोचला. गाणी, वेशभूषा, भावनांचा भर अशी त्याची घडण पौराणिक चित्रपटांसारखी असल्यामुळे तो आपल्या लोकांना परका वाटला नाही. पुढच्याच वर्षी लूकच्या शुभवर्तमानावर बेतलेला, इस्रायलमध्ये चित्रित झालेला ‘जीझस’ आला. तो मराठीसह दोन हजारांहून अधिक भाषांत उतरला असून, चित्रपटगृहांपेक्षा तो गावोगाव फिरत्या यंत्रावर जास्त पाहिला गेला.

खानदेशात या फिरत्या पडद्याला जमीन तयार मिळाली. यात्रांतील तंबूच्या सिनेमामुळे उघड्यावर रात्र जागवून देवाधर्माचे चित्रपट पाहण्याची सवय होतीच, आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पश्चिम खानदेशात आलेल्या स्कँडिनेव्हियन मिशनऱ्यांच्या कामातून भिल्ल, मावची समाजांत मंडळ्या उभ्या राहिल्या होत्या. दोन झाडांना बांधलेला पांढरा पडदा, लांब नेऊन ठेवलेले जनरेटर, सोळा मिलिमीटरची रिळे आणि रीळ बदलेपर्यंत म्हटली जाणारी गाणी असा हा मामला असे. पुढे जागा न मिळालेले लोक पडद्याच्या मागे जाऊन बसत, तिथे चित्र उलटे दिसे, पण ऐकू सारखेच येई. लूकच्या कथेतील मेंढपाळ इथे वेगळे समजावून सांगावे लागत नाहीत. साक्री-धुळ्याकडे ठेलारी मेंढपाळ आजही थंडीत मेंढरांच्या वाड्याजवळ रानातच झोपतात, आणि देवदूत आधी त्यांच्याकडे का आला हे ज्याला त्याला आपापल्या परीने कळते.

2006 मध्ये कॅथरीन हार्डविक यांनी केवळ जन्मकथेवर ‘द नेटिव्हिटी स्टोरी’ केला आणि त्याचा पहिला खेळ व्हॅटिकनमध्ये झाला. चित्रणासाठी मातेरा इथेही आहेच. नाझरेथमधील करवसुलीचा जाच आणि लग्नाआधी गर्भवती झालेल्या मुलीकडे बघणारे शेजारी, हे त्याचे बळकट भाग. शेवटी मात्र मेंढपाळ आणि ज्ञानी एकाच गोठ्यात आणण्याचा जुना मोह त्यालाही आवरला नाही. त्यानंतर 2017 मध्ये गाढवाच्या नजरेतून सांगितलेला ‘द स्टार’ हा मुलांचा अ‍ॅनिमेशनपट आला, 2023 मध्ये गीतमय ‘जर्नी टू बेथलेहेम’ आणि 2024 मध्ये थेट नेटफ्लिक्सवर ‘मेरी’. ‘मेरी’मध्ये हेरोदाची भूमिका अँथनी हॉपकिन्स यांनी केली असून, चित्रपटाचा बराच भाग पाठलागात खर्च होतो, योसेफाच्या मनातील ज्या घालमेलीसाठी पासोलिनींना एक शब्दही लागला नव्हता, तिला तिथे फारसा वाव उरत नाही.