बिर्याणीत कोंबडी उशिरा आली

घरची चिकन बिर्याणी बिघडते ती बहुतेक वेळा तीनच तऱ्हांनी. तळ करपतो, चिकनचा चोथा होतो, नाहीतर खालचा भात गिचका आणि वरचा कोरडा राहतो. मग पुढच्या खेपेला मसाला बदलला जातो, आणि बिर्याणी पुन्हा तशीच होते. ही रीत बसली ती बकऱ्याच्या मटणावर, जाड बुडाच्या देगेत आणि निखाऱ्यांवर. आपण ती ब्रॉयलर कोंबडी, पातळ पातेलं आणि गॅसच्या शेगडीवर जशीच्या तशी चालवतो. कुठली पायरी कशासाठी आली हे कळलं, की कुठली बदलायची तेही कळतं.

सुरुवात नावापासून. फारसीत ‘बिरियान’ म्हणजे भाजलेलं किंवा तळलेलं, आणि ‘बिरंज’ म्हणजे तांदूळ. बिर्याणी यातल्या कुठल्या शब्दावरून आली यावर वाद आहे. पण अकबराच्या काळातल्या ‘आईन-इ-अकबरी’तली पदार्थांची यादी पाहिली तर पारडं भाजण्याकडे झुकतं. त्या यादीतल्या ‘बिरियान’मध्ये भात नाहीच. अख्खं मेंढरू, मीठ, तूप, केशर, लवंग, मिरी आणि जिरं, एवढंच. भाताबरोबरचा पदार्थ वेगळ्या वर्गात आहे. त्याचं नाव ‘दुज्दबिरियान’ आणि प्रमाण असं: तांदूळ १० शेर, मांस १० शेर, तूप साडेतीन शेर, मीठ अर्धा शेर. मांस आणि तांदूळ समसमान हा हिशेब आजही अनेक घरांत चालतो. तुपाचा मात्र चालत नाही. त्या मापाने किलोभर तांदळाला ३५० ग्रॅम तूप पडतं. आपण १०० ग्रॅम घालतानाही हात आखडतो. वरचा थर कोरडा का राहतो, याचं अर्धं उत्तर इथेच आहे.

मांस आणि भात एकत्र शिजवणं मोगलांनी आणलं असं मात्र नाही. बृहदारण्यक उपनिषदात तूप घालून खायच्या ‘मांसौदना’चा उल्लेख आहे, म्हणजे कल्पना फार जुनी. इराणी पद्धतीतून आली ती भाताची शिस्त: तांदूळ भिजवायचा, भरपूर खारट पाण्यात अर्धाकच्चा उकळायचा, पाणी काढून टाकायचं आणि मग झाकून वाफेवर पुरा करायचा. पुलावात पाणी मोजून घालतात आणि भात ते सगळं पितो. बिर्याणीत पाणी ओतून देतात. दोन्हींमधला खरा फरक हाच. मसाल्यावरून भांडणाऱ्यांनी भांडत राहावं. कुकरमध्ये सगळं एकत्र घालून दोन शिट्ट्या काढलेला पदार्थ चवीला कितीही चांगला झाला तरी तो पुलावच.

शहाजहानच्या काळातल्या पाककृतींच्या ‘नुस्खा-इ-शाहजहानी’ या हस्तलिखितात ‘झेर बिरियान’ नावाचे पदार्थ येतात. ‘झेर’ म्हणजे खाली. मांस खाली, भात वर. आजची थरांची बिर्याणी इथे ओळखू यायला लागते. या काळाच्या जरा आधीपर्यंत तिखटपणा मिरी आणि आल्याचाच होता. मिरची सोळाव्या शतकात पोर्तुगिजांबरोबर आली, आणि ‘आईन’मधल्या पाककृतींत ती नाही. टोमॅटो त्याहून उशिराचा. म्हणून टोमॅटो न घालता केलेली बिर्याणी अपुरी समजू नये. घरच्या बिर्याणीत तो बहुधा नडतोच, कारण एका टोमॅटोबरोबर अर्धी वाटी पाणीही भांड्यात जातं.

पुढे वाटा फुटल्या. लखनौकडे मांस आधी शिजवून, त्याच्या यखनीची, म्हणजे मांस शिजवलेल्या पाण्याची, चव भाताला देऊन मग थर लावण्याची ‘पक्की’ रीत रुळली. १८५६ मध्ये लखनौचं अवध राज्य खालसा झाल्यावर तिथला नवाब वाजिद अली शाह कलकत्त्याजवळ मटियाबुर्जला गेला, त्याच्याबरोबर ही रीत तिकडे पोचली आणि तिथे तिच्यात बटाटा आला. मांस परवडेना म्हणून बटाटा घातला, असं सांगतात. तेव्हा बटाटाच नवलाईचा होता, असंही सांगतात. काही असो, मसाल्याचा रस प्यायलेला तो बटाटा आज लोक मागून घेतात. हैदराबादेत उलटी, ‘कच्ची’ रीत नावाजली: दह्यामसाल्यात मुरवलेलं कच्चं मांस तळाला, वर अर्धाकच्चा भात, आणि दोन्ही एकाच दमात पुरं. मराठवाडा सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता, त्यामुळे हे नाव तिकडे परकं कधीच नव्हतं. दक्षिणेत बासमतीची सक्ती नाही. मलबारात कैमा आणि तमिळनाडूत आंबूरकडे सीरग सांबा हे बारीक, आखूड, सुवासिक तांदूळ वापरतात. आपण ज्याला बासमती म्हणतो त्यातलाही बराचसा अलीकडचा आहे. बासमती ३७० हे वाण १९३३ चं, आणि शिजल्यावर सुईसारखा लांब होणारा पुसा ११२१ तर २००३ चा.

आता दम. जुन्या रीतीत देगेच्या कडेला कणकेची पट्टी लावून झाकण पक्कं करत आणि मंद आचेवर ठेवून झाकणावरही निखारे पसरत. उष्णता वरून आणि खालून दोन्हीकडून मिळे. झाकणाची आतली बाजू तापलेली असल्याने तिथे वाफेचं पाणी जमून भातावर ठिबकत नसे. गॅसवर सगळी आच खालून, तीही मधोमध एका वर्तुळात. तळ करपतो तो इथे. उपाय साधा आहे: पातेल्याखाली जाड लोखंडी तवा, आणि तो आधीच तापवलेला. गार तव्यावर पातेलं ठेवलं तर पहिली दहा मिनिटं तवा तापण्यातच जातात आणि वेळेचा हिशेब चुकतो. झाकणाला आतून कोरडं सुती फडकं बांधायचं, टोकं वर गाठ मारून घ्यायची. ठिबकणारं पाणी ते टिपतं. ओव्हन असेल तर घट्ट झाकलेलं जाड भांडं १६० अंशांवर ३५ ते ४० मिनिटं. सगळीकडून आच मिळत असल्याने हे निखाऱ्यांच्या सगळ्यात जवळ जातं.

आणि कोंबडी. शाही मुदपाकखान्यात ती नव्हती असं नाही. ‘आईन’मध्ये मानेतून हाडं काढून, आत खिमा आणि अंडी भरून केलेला अख्खा ‘मुसम्मन’ आहे. पण तो स्वतंत्र मानाचा पदार्थ. भाताखाली जायचं ते बकरा नाहीतर मेंढरू. आपल्याकडेही गावरान कोंबडं वाढायला पाच-सहा महिने लागत, त्यामुळे ते पाहुण्यासाठी किंवा सणाला. रोजच्या बाजारात स्वस्त चिकन आलं ते ब्रॉयलरमुळे. १९७१ मध्ये बी. व्ही. राव यांनी वेंकटेश्वरा हॅचरीज सुरू केली, आणि पुढच्या काही दशकांत या धंद्याचं रूपच पालटलं. साधारण सहा आठवड्यांत दोन किलोच्या आसपास भरणारा हा पक्षी. त्याचं मांस कोवळं, पाणी जास्त, चरबी कातडीखाली. आणि कातडी आपण काढून टाकतो.

मटणाचे नियम इथेच आडवे येतात. मटणाला रात्रभर मुरवण आणि कच्च्या पपईची पेस्ट लागते, कारण त्यातले चिवट धागे सुटायला वेळ हवा. तीच पपई ब्रॉयलरला लावली तर तिच्यातलं पाचक द्रव्य मांसाचा पृष्ठभाग पिठूळ करून टाकतं. चोथा होतो तो बहुधा यानेच, नाहीतर आधी शिजवलेलं चिकन पुन्हा तासभर दमाला ठेवल्याने. पपई वगळायची. मुरवण दोन ते चार तास पुरे. रात्रभर ठेवायचंच असेल तर लिंबू घालायचं नाही, नुसतं दही.

हाडासकट एक किलो चिकनला (तुकडे ६०–७० ग्रॅमचे, मांडीचे जास्त) ७५० ग्रॅम तांदूळ घ्यावा. दही २५० ग्रॅम, अर्धा तास फडक्यात टांगलेलं. ब्रॉयलर स्वतःचं पाणी सोडतोच, त्यात पातळ दही पडलं की खालचा भात त्यात भिजून गिचका होतो. आलं-लसूण वाटण दोन मोठे चमचे, मीठ १५ ग्रॅम, तिखट दोन चहाचे चमचे, थोडी हळद, मूठभर पुदिना, तेवढीच कोथिंबीर, हिरव्या मिरच्या चार. खडा मसाला असा: शहाजिरं एक चमचा, हिरवी वेलची सहा, लवंगा सहा, दालचिनी दोन बोटं, जायपत्रीचं एक फूल, तमालपत्र दोन. निम्मा कुटून मुरवणात, निम्मा अख्खा भाताच्या पाण्यात. ४०० ग्रॅम कांदा एकसारखा पातळ चिरून मध्यम आचेवर तळायचा आणि सोनेरी होताच बाहेर काढायचा. बाहेर आल्यावरही तो दोन छटा काळवंडतो, म्हणून तपकिरी होईपर्यंत कढईत ठेवला तर कडू होणार. दोन-तृतीयांश कांदा चुरून मुरवणात, उरलेला थरांवर. ज्या तेलात कांदा तळला त्यातलं चार चमचेही मुरवणात जाऊ द्या. ते फेकणं म्हणजे निम्मी चव फेकणं.

तांदूळ जुना, वर्षभराचा. हलक्या हाताने तीन पाण्यांनी धुऊन अर्धा तास भिजवायचा. तासांवर गेला तर उकळताना मोडतो. पाणी चार लिटर, त्यात मीठ चार मोठे सपाट चमचे. चाखून पाहिलं तर पाणी समुद्रासारखं खारट लागलं पाहिजे. भाताला मीठ लागण्याची संधी एवढीच, नंतर वरून टाकलेलं मीठ दाण्यात शिरत नाही. तांदूळ टाकल्यावर पुन्हा उकळी आली की घड्याळ लावायचं. पाचव्या मिनिटाला निम्मा भात झाऱ्याने काढून चिकनवर पसरायचा, उरलेला सातव्या मिनिटाला. दाणा बोटांत दाबला की कडा मऊ आणि मधे पांढरी कणी दिसली पाहिजे. खालच्या थरात ठळक, वरच्यात पुसट. खालच्या भाताला चिकनचा रस मिळतो, म्हणून तो जास्त कच्चा घ्यायचा. दोन्ही थर एकाच वेळी काढले की एकतर खालचा गळतो किंवा वरचा टचटचीत राहतो.

चिकन फ्रीजमधून अर्धा तास आधी बाहेर काढलेलं हवं. गारठलेला थर तापेपर्यंत वरचा भात होऊन जातो. भातावर चार मोठे चमचे तूप, पाव वाटी कोमट दुधात भिजवलेलं चिमूटभर केशर आणि राहिलेला कांदा. केशराचं दूध ढवळून सगळीकडे लावू नये, जागोजागी सोडावं. पांढरे आणि पिवळे दाणे वेगळे दिसतात ते यामुळे. कणकेने झाकण बंद करून आधी थेट मध्यम-मोठ्या आचेवर सात-आठ मिनिटं, म्हणजे तळाशी चुरचुर ऐकू येईपर्यंत. मग तापलेल्या तव्यावर, आच सगळ्यात बारीक, २५ मिनिटं. गॅस बंद करून १५ मिनिटं झाकण उघडायचं नाही. या वेळात वाफ भातात जिरते आणि दाणा घट्ट होतो. तळाच्या सगळ्यात जाड तुकड्याचा रस स्वच्छ निघतो का पाहावं. थर्मामीटर असेल तर ७४ अंश. कच्चं राहिलंच, तर वाटीभर पाणी ओतण्याचा मोह टाळून कडेने दोन चमचे गरम दूध सोडावं आणि झाकून आणखी दहा मिनिटं ठेवावं.

वाढताना डाव वरून खुपसला की लांब दाण्यांचे तुकडे होतात. बशी घ्यावी, पातेल्याच्या कडेने ती उभी थेट तळापर्यंत उतरवावी आणि मसाला, चिकन आणि दोन्ही थर एकदम उचलावेत.