‘कोअर’ आला कुठून?

गुडघा असो वा खांदा, दुखापतीतून परतणाऱ्या खेळाडूला फिजिओ आधी ‘कोअर’च्या, म्हणजे पोट-कंबरेभोवतीच्या स्नायूंच्या, व्यायामाला लावतो. या खुळाचं मूळ (सगळंच खूळ नाही, पण बरंचसं आहे) मैदानात नाही, कंबरदुखीच्या संशोधनात आहे.

1992 मध्ये अमेरिकेतल्या येल विद्यापीठाचे मनोहर पंजाबी यांनी मांडलं की कणा तिघांच्या भरवशावर उभा असतो: हाडं आणि अस्थिबंध, स्नायू आणि त्यांना हुकूम देणारी मज्जासंस्था. एक कमी पडला की बाकीचे दोघं सांभाळून घेतात, आणि तेही जमेनासं झालं की दुखणं सुरू होतं.

चार वर्षांनी ऑस्ट्रेलियात पॉल हॉजेस आणि कॅरोलिन रिचर्डसन यांनी स्नायू नेमका कधी जागा होतो ते टिपायला पोटाच्या स्नायूंत केसासारख्या बारीक तारा घातल्या आणि दिवा लागताच हात झटकन वर करायला सांगितलं. धडधाकट माणसात पोटाचा सर्वांत आतला आडवा स्नायू खांद्याच्याही आधी जागा व्हायचा. कंबरदुखीवाल्यांत तो मागून यायचा. म्हणजे प्रश्न ताकदीचा नव्हता, वेळेचा होता.

जिमवाल्यांनी यातलं नेमकं हेच सोडलं आणि तो आतला स्नायू आवळायचा म्हणून ‘बेंबी आत ओढा’ तेवढं उचललं. कॅनडाच्या वॉटर्लू विद्यापीठातले स्टुअर्ट मॅकगिल तेव्हापासून सांगत आले की एकटा स्नायू कणा सांभाळत नाही, पोट चहूबाजूंनी घट्ट करायला हवं. हा वाद पुढे बरीच वर्षं चालला.

खेळाडूंच्या दृष्टीने मोलाचं काम 2007 चं, तेही येलचंच. महाविद्यालयीन 277 खेळाडूंच्या धडाला ताण देऊन तो अचानक सोडला, धड किती हेलकावतं ते मोजलं आणि पुढे तीन वर्षं त्यांच्यावर लक्ष ठेवलं. ज्यांचं धड जास्त हेलकावलं, त्यांचे गुडघे जास्त दुखावले. मुलींमध्ये हा संबंध ठळक होता. एका पायावर उडी उतरताना फिजिओ गुडघ्याइतकंच धडाकडे का बघतो, ते यावरून कळतं.

कंबरदुखीत मात्र 2016 च्या कॉक्रन आढाव्याने (अनेक अभ्यास एकत्र तपासणारा आढावा) आतले स्नायू वेळेवर जागे करण्याचे खास व्यायाम इतर व्यायामांपेक्षा फारसे सरस ठरवले नाहीत. तरी प्लँकवर, म्हणजे कोपर आणि पायाच्या बोटांवर अंग ताठ धरून, मिनिटं मोजणं काही थांबलेलं नाही.